दर दहा दिवसांनी एक उपचार : दोन उपचारांत नेमके किती अंतर ठेवावे?

मनीषनगरची_वाचक यांचा प्रश्न

सर्वांना नमस्कार. माझे वय ४६ असून मी नागपूरच्या सीताबर्डीतील एका बँकेच्या शाखेत नोकरी करते. येत्या डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात माझ्या धाकट्या मुलीचे लग्न आहे. मुलीसोबत एका स्किन क्लिनिकमध्ये गेले असता तेथील समुपदेशक बाईंनी मुलीला सोडून माझ्याच चेहऱ्याकडे लक्ष वळवले आणि ‘वधूमाता पॅकेज’ नावाचा एक कागद माझ्या हाती ठेवला. त्यात ऑगस्टअखेरीपासून दर दहा दिवसांनी एक याप्रमाणे आधी ग्लायकोलिक पील (आम्लाने त्वचेचा वरचा थर सोलणे), मग लेझर टोनिंग, मग पीआरपीसह (आपल्याच रक्तातून वेगळ्या काढलेल्या प्लेटलेटच्या द्रावासह) मायक्रोनीडलिंग (बारीक सुया टोचणे) आणि पुन्हा पहिल्यापासून तीच फेरी, असे नऊ सिटिंग आहेत. लग्नाच्या आदल्या आठवड्यात बोटॉक्स (आठ्यांचे स्नायू सैल करणारे इंजेक्शन) आणि फिलर (खोलगट भाग भरून काढणारे इंजेक्शन) एकाच दिवशी करायचे, असेही त्यात लिहिले आहे. सगळे पैसे एकदम भरल्यास मोठी सवलत आहे आणि ती या महिनाअखेरपर्यंतच आहे.

माझ्या तक्रारी साध्याच आहेत. धाकटीच्या वेळच्या गरोदरपणापासून दोन्ही गालांवर वांग आहेत, ते उन्हाळ्यात गडद होतात. कपाळावर आठ्या आहेत. आणि उजव्या गालावर कॉलेजच्या दिवसांतील मुरुमांचे चार-सहा खड्डे आहेत. मधुमेह नाही, थायरॉईडची गोळी सुरू आहे. रोज स्कूटरने वर्धा मार्गावरून अर्धा तास जाणे-येणे होते, चेहऱ्याला अर्थातच दुपट्टा बांधलेला असतो. रात्री झोपताना एक साधी क्रीम लावते, त्यापलीकडे चेहऱ्याला काही करत नाही.

वेगवेगळे उपचार असे दहा-दहा दिवसांनी एकमेकांमागे करणे सुरक्षित आहे का? आणि एकाच दिवशी दोन उपचार करू नयेत, असे जे सांगतात, ते खरे आहे का? जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

त्वचावैद्य_रामदासपेठ यांचे उत्तर

ताई, हा प्रश्न आपण पैसे भरण्यापूर्वी विचारलात, हे बरे झाले. मी त्वचारोगतज्ज्ञ असून नागपुरातच प्रॅक्टिस करतो. आपल्याला तपासल्याशिवाय औषध सांगणे योग्य नाही, परंतु अंतराचा हिशेब आम्ही कसा मांडतो, ते सविस्तर सांगता येईल.

पील, लेझर आणि मायक्रोनीडलिंग हे तिन्ही उपचार रुग्णाला वेगवेगळे वाटतात, कारण एकात आम्ल असते, दुसऱ्यात प्रकाश आणि तिसऱ्यात सुया. त्वचेच्या दृष्टीने मात्र ते एकाच जातीचे आहेत : मोजूनमापून इजा करायची आणि ती भरून काढण्याचे काम त्वचेवर सोपवायचे. चेहऱ्यावर जो फरक दिसतो, तो या भरून येण्याचा असतो, इजेचा नव्हे. त्वचेचा वरचा थर पूर्ण बदलायला तरुणपणी साधारण चार आठवडे लागतात आणि वय वाढते तसा हा काळ लांबतो. त्याखालच्या थरात काम आणखी संथ चालते; सूज काही दिवसांत उतरते, नवे कोलॅजन तंतू पुढील काही आठवड्यांत तयार होतात आणि त्यांची फेररचना कित्येक महिने सुरू राहते. त्यामुळे दहाव्या दिवशी आरशात चेहरा नितळ दिसला तरी आतले काम अर्ध्यावरच असते, आणि आपल्या कागदावरील पुढचे सिटिंग नेमके त्या अर्धवट कामावर येऊन पडते.

सर्वसाधारण अंतरे अशी की वरवरचे पील, म्हणजे ग्लायकोलिक, लॅक्टिक, मँडेलिक, सॅलिसिलिक यांसारखे, दोन ते चार आठवड्यांनी करतात. मायक्रोनीडलिंगला चार ते सहा आठवडे द्यावे लागतात. फ्रॅक्शनल कार्बन डायऑक्साइड लेझरसारखा त्वचेत सूक्ष्म छिद्रे पाडणारा उपचार असेल, तर चार ते आठ आठवडे हे किमान समजावे. गहूवर्णी त्वचेवर मी त्याहूनही अधिक थांबतो. एका उपचारावरून दुसऱ्यावर जाताना अंतर आधी झालेल्या उपचाराचे पाळायचे असते, पुढे होणाऱ्याचे नव्हे. मायक्रोनीडलिंगनंतर पील करायचे असेल, तर ‘पील हलके आहे, दोन आठवडे पुरेत’ हा हिशेब चुकतो, कारण भरून यायची आहे ती सुयांची जखम.

लेझर टोनिंगची गोष्ट थोडी निराळी आहे. १०६४ नॅनोमीटर तरंगलांबीचे लेझर कमी ऊर्जेवर वारंवार फिरवण्याची ही पद्धत असल्याने एक-दोन आठवड्यांनीही ते करतात; जखम दिसत नाही आणि लोकांना ते निरुपद्रवी वाटते. परंतु सिटिंग फार झाले की काळ्या डागांच्या जागी विखुरलेले पांढरे ठिपके उमटल्याची उदाहरणे आशियाई त्वचेवर पुरेशी नोंदली गेली आहेत, आणि ते ठिपके घालवणे वांग घालवण्याहून कठीण असते. शिवाय टोनिंग थांबवल्यावर वांग पुन्हा उगवतात, हा तर आमचा नेहमीचा अनुभव आहे.

त्वचेच्या रंगाविषयीही सांगायला हवे. त्वचेचे सहा प्रकार सांगणारा जो तक्ता सगळीकडे वापरला जातो, तो हार्वर्डचे त्वचावैद्य टॉमस फिट्झपॅट्रिक यांनी १९७५ मध्ये मांडला तेव्हा त्यात गोऱ्या त्वचेचे चारच प्रकार होते. तपकिरी आणि काळ्या त्वचेचे पाचवा व सहावा हे प्रकार नंतर जोडले गेले. आपल्याकडील बहुतेक लोक चौथ्या-पाचव्या प्रकारात मोडतात. अशा त्वचेला सुरकुत्या उशिरा पडतात ही तिची मोठी जमेची बाजू, पण कोणतीही सूज आली की ती रंगद्रव्य सांडून मोकळी होते. गोऱ्या त्वचेवर चार दिवसांची लाली जिथे येऊन जाते, तिथे आपल्याकडे चार महिन्यांचा काळा डाग बसतो. इंटरनेटवर दिसणारी पुष्कळ वेळापत्रके त्या पहिल्या त्वचेसाठी लिहिलेली असतात. हा डाग बहुधा तिसऱ्या-चौथ्या आठवड्यापर्यंत उघड होतो, म्हणून नवे लेझर करण्यापूर्वी कानाजवळ छोट्या जागेवर चाचणी करून तेवढे दिवस वाट पाहणे शहाणपणाचे.

आपल्याला वांग आहेत, म्हणून तर अधिकच जपायला हवे. वांग नुसत्या अतिनील किरणांनी नव्हे, तर डोळ्यांना दिसणाऱ्या प्रकाशाने आणि उष्णतेनेही वाढतात. ऑगस्टमध्ये ढग असले तरी अतिनील किरणांतील ‘ए’ प्रकारचे किरण ढगांतून बऱ्यापैकी खाली येतात आणि त्यानंतर येणारे आपले ऑक्टोबरचे ऊन तर सर्वांना ठाऊकच आहे. दुपट्टा चांगलाच, पण तो सनस्क्रीनच्या जागी चालत नाही. आणि पील किंवा मायक्रोनीडलिंगनंतरचे पहिले काही दिवस घामाने भिजलेला घट्ट दुपट्टा चेहऱ्यावर घासणे हीसुद्धा एक इजाच आहे. आयर्न ऑक्साइड असलेले रंगीत सनस्क्रीन दृश्य प्रकाशही अडवते, वांग असणाऱ्यांनी तेच निवडावे. दोन बोटांच्या लांबीइतके सनस्क्रीन चेहरा आणि मानेला लागते. आपण बहुतेक जण त्याच्या निम्मेही लावत नाही.

राहिला लग्नाच्या आदल्या आठवड्याचा बेत, तो सरळ खोडून टाकावा. बोटुलिनमचा, म्हणजे बोटॉक्सचा, परिणाम तीन ते पाच दिवसांनी दिसू लागतो आणि पूर्ण व्हायला सुमारे दोन आठवडे लागतात. एक भुवई वर राहिली, तर ती सारखी करण्याची वेळही त्यानंतरच येते. फिलरची सूज आणि निळे डाग उतरायलाही आठवडा-दोन आठवडे जातात. दोन्ही करायचेच असतील, तर आधी बोटुलिनम आणि दोन आठवड्यांनी फिलर हा क्रम बरा, कारण स्नायू सैल पडल्यावर फिलर मुळात किती लागेल, लागेल की नाही, हे कळते. फिलरच्या आगेमागे दोन आठवडे दातांची मोठी कामे, चेहऱ्याचा मसाज आणि त्या भागावर उष्णता देणारे यंत्र टाळावे. फिलर रक्तवाहिनीत गेल्यास त्वचेचा तो भाग पांढराफटक किंवा जाळीदार निळसर पडतो, तीव्र वेदना होतात, क्वचित दृष्टीही जाते. अशा वेळी मिनिटे मोलाची असतात. म्हणून फिलर करणाऱ्याजवळ ते विरघळवणारे हायल्युरोनिडेज त्याच खोलीत आहे का, हे आधी विचारावे. विचारायला संकोच वाटू देऊ नये; ज्याच्याकडे ते असते त्याला हा प्रश्न खटकत नाही.

त्रिमूर्तीनगर_अभियंता यांचे उत्तर

डॉक्टरसाहेब, आपल्या उत्तराचा आदर राखून एक शंका मांडतो. माझ्या बहिणीने पुण्यात एका नामांकित त्वचारोगतज्ज्ञांकडे गालांवर लेझर आणि कपाळावर बोटॉक्स असे एकाच बैठकीत करून घेतले. एकत्र केल्याने परिणाम चांगला येतो, असे त्यांनी तिला सांगितले होते आणि प्रत्यक्षात तिला काहीही त्रास झाला नाही. मग एकाच दिवशी दोन उपचार चालतात आणि दहा दिवसांच्या अंतराने मात्र चालत नाहीत, हे तर्काला धरून कसे? अंतर वाढले की धोका कमी व्हायला हवा.

सदरची_ब्युटिशियन यांचे उत्तर

डॉक्टरांनी उपचारांबद्दल लिहिलेच आहे. मी गेली १४ वर्षे पार्लर चालवते. उपचारांच्या मधल्या काळात घरी आणि पार्लरमध्ये जे केले जाते, ते उपचारांच्या यादीत कोणी धरत नाही आणि गडबड पुष्कळदा तिथेच होते, म्हणून हे लिहिते आहे.

पील झालेल्या किंवा रात्री रेटिनॉल लावणाऱ्या बाईने वॅक्सिंग केले, तर मेणाबरोबर वरची कातडी निघून येते. ओठांच्या वर तर हमखास. मी आता वॅक्सिंगपूर्वी प्रत्येकीला विचारते आणि अशी क्रीम किमान आठवडाभर बंद असल्याशिवाय हात लावत नाही. ब्लीचमध्ये हायड्रोजन पेरॉक्साइड आणि अमोनिया असतो, तो ताज्या त्वचेवर भाजल्यासारखा झोंबतो. स्क्रब आणि वाफ यांचेही तेच. पीलच्या आगेमागे आठवडाभर यांतले काहीही नको, असे मी माझ्या गिऱ्हाइकांना सांगते. त्यामुळे माझे पैसे बुडतात, ते मान्य आहे.

आणि ताई, हळदीचा विचार केला आहे का? आपल्याकडे वधूसोबत वधूच्या आईलाही सगळ्या जणी हौसेने माखतात. बेसन, हळद, चंदन एकत्र करून गालांवर खसाखसा चोळणे हे पापुद्रे निघत असलेल्या चेहऱ्याला सोसणारे नाही. शेवटचे पील आणि हळद यांत तीन आठवडे तरी असू द्यावेत. हेच मुलीलाही सांगा, कारण तिचा चेहरा तर आणखी जास्त जणी चोळणार आहेत.

बुटीबोरी_शिफ्टवाला यांचे उत्तर

माझा अनुभव सांगतो, त्यात चूक माझीही होती. वय ३३, गालांवर मुरुमांचे खड्डे. दोन वर्षांपूर्वी मार्च महिन्यात एका क्लिनिकमध्ये मायक्रोनीडलिंग केले. आठव्या दिवशी चेहरा छान दिसू लागला. त्याच आठवड्यात दुसऱ्या एका ठिकाणी पीलवर सवलत होती, ती घेतली. आधी सुया झाल्या आहेत हे त्यांनी विचारले नाही आणि मी सांगितले नाही. पील लावल्यावर नेहमीपेक्षा कितीतरी जास्त जळजळ झाली. लावणाऱ्या मुलीने ‘असे होते’ म्हणून पंखा सुरू केला. तिसऱ्या दिवशी खपल्या धरल्या, त्या मी नखाने काढल्या, आणि एमआयडीसीतील कामामुळे उन्हात फिरणे थांबले नाही. एप्रिल उजाडेपर्यंत दोन्ही गालांवर तपकिरी पट्टे होते. ते जायला पुढचा दिवाळीचा महिना यावा लागला आणि ज्या खड्ड्यांसाठी हे सारे केले, ते जवळजवळ तसेच आहेत.

नंतर ज्या डॉक्टरांकडे गेलो त्यांनी दोनच प्रश्न विचारले : सुई किती मिलिमीटर होती आणि आम्ल किती टक्के होते. मला एकाचेही उत्तर देता आले नाही. तेव्हापासून मी मोबाइलमध्ये एक नोंद ठेवतो. तारीख, उपचार, सुईची खोली किंवा पीलचे नाव आणि टक्केवारी, लेझर असेल तर यंत्राचे नाव आणि ऊर्जा, प्रत्यक्ष कोणी केले, आणि त्यानंतर किती दिवस लाली होती. क्लिनिकला ही माहिती मागितली तर ती देतात. एका ठिकाणी दिली नाही, तिथे मी परत गेलो नाही.

डॉक्टरांना एक विचारायचे आहे. मला पूर्वी आयसोट्रेटिनॉइन हे मुरुमांवरचे पोटात घ्यायचे औषध सुरू होते. ते बंद केल्यावर सहा महिने काहीच करायचे नाही, असे एकाने सांगितले, तर दुसऱ्याने महिनाभरात लेझर केले तरी चालते, असे सांगितले. खरे काय?

त्वचावैद्य_रामदासपेठ यांचे उत्तर

आधी अभियंता महोदयांच्या शंकेकडे वळतो, कारण ती रास्त आहे आणि माझ्या पहिल्या उत्तरात ही बाजू राहून गेली.

अंतर वाढले की धोका सरळ रेषेत कमी होत जातो, हे गृहीतच बरोबर नाही. एकाच बैठकीत केलेल्या दोन उपचारांनी त्वचेच्या लेखी एकच जखम होते. ती एकदाच सुजते, एकदाच भरून येते. दहा दिवसांनी केलेला दुसरा उपचार सुजेच्या उताराला आणि नव्या पेशींच्या भरात मध्येच घुसतो. आपण भिंतीला गिलाव्याचे दोन हात एकाच दिवशी ओल्यावर ओला देऊ शकतो, किंवा पहिला पुरता सुकल्यावर देऊ शकतो; अर्धवट ओल्या गिलाव्यावर थापी मारली की दोन्ही थर सुटतात. गवंडीकामाचा हा दाखला आपल्याला माझ्यापेक्षा जास्त पटेल.

तथापि एकाच दिवशी करण्यालाही अटी आहेत. आपल्या भगिनींच्या बाबतीत लेझर गालांवर होते आणि बोटुलिनम कपाळावर, म्हणजे जागा वेगळ्या आणि थरही वेगळे. लेझर त्वचेवर काम करते, बोटुलिनम खालच्या स्नायूवर. असे असले तरी क्रम पाळावाच लागतो. आधी लेझर, चेहरा थंड झाल्यावर शेवटी बोटुलिनम. उलट केले, तर लेझरची उष्णता, सूज आणि चेहरा पुसण्याचा दाब यांमुळे औषध नको त्या स्नायूकडे पसरू शकते आणि पापणी उतरते. ती आपोआप वर येते खरी, पण कित्येक आठवडे घेते. याच कारणासाठी बोटुलिनम घेतल्यावर चार तास आडवे होऊ नये आणि तो भाग चोळू नये, असे आम्ही सांगतो. एकाच जागी, एकाच थरावर दोन इजा एकाच दिवशी करायच्या असतील, तर दोन्हींची मात्रा कमी करावी लागते आणि दोन्ही एकाच हाताने व्हाव्या लागतात. सकाळी एका क्लिनिकमध्ये सुया आणि संध्याकाळी दुसरीकडे पील, याला एकत्रित उपचार म्हणत नाहीत.

मायक्रोनीडलिंगच्या दिवशी घरी काय लावले जाते, तेही या एकत्रीकरणातच मोडते. सुयांनी केलेली सूक्ष्म छिद्रे साधारण दिवसभर उघडी असतात. त्या काळात ‘आत खोलवर जाईल’ म्हणून क जीवनसत्त्वाचे सीरम चोळले आणि पुढे चेहऱ्यावर कडक लाल गाठी आल्या, अशी प्रकरणे वैद्यकीय नियतकालिकांत नोंदली गेली आहेत. वरून लावण्यासाठी बनवलेली वस्तू आत जाण्यासाठी बनवलेली नसते. पीआरपीच्या बाबतीत स्वच्छतेचा प्रश्न आणखी गंभीर आहे. अमेरिकेतील न्यू मेक्सिको राज्यात विनापरवाना चाललेल्या एका स्पामध्ये असा उपचार घेतलेल्या स्त्रियांना एचआयव्हीची लागण झाल्याचा अहवाल तेथील रोगनियंत्रण केंद्राने २०२४ मध्ये प्रसिद्ध केला. नवी सुई आणि नवी नळी आपल्या डोळ्यांसमोर फोडली जावी, आणि नळीवर आपले नाव लिहिलेले असावे.

आयसोट्रेटिनॉइनबाबत दोघांचेही म्हणणे अंशतः खरे आहे. पूर्वी सरसकट सहा महिने थांबत असत. २०१७ मध्ये तज्ज्ञांच्या एका गटाने उपलब्ध पुरावे तपासून असे मत दिले की वरवरचे पील, केस काढण्याचे लेझर आणि फ्रॅक्शनल लेझर यांसाठी इतके थांबण्याला पुरेसा आधार नाही. मात्र यंत्राने त्वचा घासून काढणे आणि संपूर्ण थर जाळणारे लेझर यांसाठी सहा महिन्यांची मर्यादा त्यांनी कायम ठेवली. म्हणजे ‘लेझर’ या एका शब्दावर उत्तर अडलेले आहे, कोणते लेझर ते विचारायला हवे.

आता ताईंच्या प्रश्नाकडे. सोळा आठवडे हा अपुरा काळ नाही. मी आपल्या जागी असतो, तर पहिले चार आठवडे कोणतेही यंत्र लावून घेतले नसते. रोजचे सनस्क्रीन आणि डॉक्टरांनी तपासून दिलेली रात्रीची औषधे यांनी त्वचा आधी तयार केली असती. पीलपूर्वीची ही तयारी डागांचा धोका कमी करते आणि वांग असलेल्यांना तिचाच उपयोग सर्वांत जास्त होतो. त्यानंतर तीन-तीन आठवड्यांनी दोन किंवा तीन सौम्य पील, नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात बोटुलिनम, आणि मग लग्नापर्यंत काही नाही. खड्ड्यांचे काम लग्नानंतर डिसेंबर-जानेवारीत हाती घ्यावे. नागपुरात त्यासाठी तोच हंगाम चांगला, मार्चनंतर मी स्वतः अशी कामे सुरू करत नाही.

इतवारी_औषधविक्रेता यांचे उत्तर

मी फार्मासिस्ट आहे. सगळी चर्चा वाचली आणि पुन्हा मूळ प्रश्नाकडे गेलो. ताईंनी लिहिले आहे, ‘रात्री झोपताना एक साधी क्रीम लावते.’ दुकानात ३ दशके बसल्यावर ‘साधी क्रीम’ हे शब्द ऐकले की मी नाव विचारतो. ताई, ट्यूबवर बारीक अक्षरांत हायड्रोक्विनोन, ट्रेटिनॉइन आणि मोमेटासोन अशी तीन नावे आहेत का, एवढे पाहून सांगावे. यांतले शेवटचे स्टेरॉइड आहे. जोरदार स्टेरॉइड असलेल्या अशा क्रीम डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकता येऊ नयेत, यासाठी केंद्र सरकारने २०१८ मध्ये नियम कडक केले, तरी आजही लोक रिकामी ट्यूब घेऊन येतात आणि ‘अशीच द्या’ म्हणतात.

मनीषनगरची_वाचक यांचे उत्तर

सर्वांचे मनापासून आभार. ट्यूब काढून पाहिली. तीच तीन नावे आहेत. शाखेतील एका सहकारी बाईंनी सांगितल्यावरून सात महिन्यांपासून रोज लावते आहे. सुरुवातीला वांग खूपच फिकट झाले म्हणून सोडवेना. अलीकडे लावायची राहिली की दुसऱ्या दिवशी गाल तापतात आणि लाल होतात, आणि गालावर बारीक लाल शिरा दिसू लागल्या आहेत. त्या मी वयाच्या समजत होते. क्लिनिकच्या समुपदेशक बाईंनी क्रीमबद्दल विचारले नव्हते.

त्वचावैद्य_रामदासपेठ यांचे उत्तर

औषधविक्रेता महोदयांचे आभार मानतो. हा प्रश्न मीच आधी विचारायला हवा होता. ‘साधी’ या शब्दावरून मीही पुढे निघून गेलो.

ताई, यामुळे वर सुचवलेला क्रम मी मागे घेतो. स्टेरॉइड दीर्घकाळ लावल्याने त्वचा पातळ होते, तिचा संरक्षक थर कमकुवत होतो आणि रक्तवाहिन्या उघड्या पडतात. आपण वर्णन केलेली चिन्हे तशीच आहेत. अशा त्वचेवर पंधरा दिवसांचे काय, सहा आठवड्यांचे अंतर ठेवूनही ग्लायकोलिक पील सुरक्षित म्हणता येत नाही, कारण त्या थराची डागडुजीच खुंटलेली असते. ही क्रीम उद्यापासून एकदम बंद करायची की उतरत्या मात्रेने सोडायची, हे चेहरा पाहूनच ठरवावे लागते; एकदम सोडल्यावर पहिले काही आठवडे लाली, आग आणि पुटकुळ्या उसळतात आणि घाबरून माणूस पुन्हा तीच ट्यूब उघडतो. म्हणून ती आपल्या मनाने बंद करण्यापूर्वी या आठवड्यातच त्वचारोगतज्ज्ञांना दाखवावे. खासगीत जायचे नसेल, तर नागपुरातील मेडिकल (शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाचे रुग्णालय), मेयो (इंदिरा गांधी शासकीय रुग्णालय) किंवा मिहानच्या एम्समधील त्वचारोग विभागाच्या ओपीडीत जावे. ट्यूब आणि पॅकेजचा कागद दोन्ही सोबत न्यावेत. कोठेही गेलात तरी समोरच्या डॉक्टरांची महाराष्ट्र वैद्यक परिषदेतील नोंदणी आणि त्वचारोगशास्त्रातील पदवी किंवा पदविका पाहून घ्यावी.

लग्नापर्यंत पील, लेझर आणि सुया नकोत. साधे मॉइश्चरायझर, सौम्य फेसवॉश आणि रंगीत सनस्क्रीन एवढ्यावर त्वचा सावरायला लागेल. पूर्ण सावरायला काही महिने लागू शकतात. कपाळावरील आठ्यांसाठी बोटुलिनमचा विचार तेव्हाही करता येईल, कारण ते त्वचेचा थर सोलत नाही. तेही चेहऱ्याची आग पूर्ण शमली असेल तरच.

मनीषनगरची_वाचक यांचे उत्तर

आज मेडिकलमध्ये दाखवून आले. तेथील डॉक्टरांनीही हेच सांगितले. क्रीम उतरत्या क्रमाने सोडण्याची लेखी सूचना दिली आणि तीन आठवड्यांनी परत बोलावले आहे. क्लिनिकला पॅकेज घेणार नसल्याचे कळवले, तेव्हा त्यांनी सवलत महिनाभर वाढवून देऊ केली. सहकारी बाईंनाही ट्यूब दाखवायला सांगितली आहे; त्यांची दोन वर्षांपासून सुरू आहे. मुलीच्या हळदीत माझ्या गालांना फक्त बोट टेकवायचे, असे सगळ्या जावांना आत्ताच बजावून ठेवले आहे.